चार मिनिटांच्या गाण्यातून मालिकेपर्यंत: हिरो मुराईबद्दल तुमचे प्रश्न

मागच्या अंकात मी 'अटलांटा' या अमेरिकन मालिकेचा आणि तिचा डिरेक्टर हिरो मुराई याचा एका ओळीत उल्लेख केला होता, की हा माणूस आधी फक्त म्युझिक व्हिडिओ करायचा. त्या एका ओळीवर इतकी पत्रं येतील असं खरंच वाटलं नव्हतं. सगळ्यांना उत्तरं देणं शक्य नाही म्हणून पाच प्रश्न घेतलेत, आणि पहिल्याचं उत्तर जरा लांबलंय, कारण तो प्रश्न एकेकाळी माझाही होता.

प्रश्न : मॅडम नमस्कार, मी २६ वर्षांचा आहे, कोळीगीतं आणि आगरी गाण्यांचे व्हिडिओ करतो, आत्तापर्यंत चाळीसेक गाणी झाली असतील, काहींना व्ह्यूज पण चांगले आहेत. मला मालिका करायच्यात पण मुंबईत जिथे जातो तिथे ऐकायला मिळतं की गाणीवाल्याला सीन देता येत नाही. मग या मुराईला कसा दिला? त्याने नेमकं काय केलं? – वाचक, पेण

तुला 'तू' म्हणते, माझ्या मुलाच्या वयाचा आहेस. हे वाक्य मी पण ऐकलंय रे. अंधेरीत भक्तिगीतांच्या व्हीसीडी एडिट करायचे तेव्हा, आणि नंतर त्याच डिरेक्ट करायला लागले तेव्हा, एका ऑफिसात मला तोंडावर सांगितलं होतं की गाण्यावाल्यांना इमोशन कळत नाही, फक्त ट्रॉली कळते. घरी येऊन रडले होते मी. त्यामुळे तुझा प्रश्न मला आतून कळतो.

आता मुराईचं बघ. जन्म टोकियोचा, १९८३ चा. नऊ वर्षांचा असताना घरचे लॉस एंजेलिसला आले, तिथेच वाढला, तिथल्याच युनिव्हर्सिटी ऑफ सदर्न कॅलिफोर्नियात फिल्म शिकला आणि बाहेर पडल्यावर म्युझिक व्हिडिओत घुसला. २०१० च्या आसपासची वेळ लक्षात घे, टीव्हीवरच्या म्युझिक चॅनेलवर गाणी लागणं जवळजवळ बंद झालेलं, पैसे आटलेले, पण इंटरनेटवर व्हिडिओ बघणारे लाखो. म्हणजे बजेट कमी आणि मोकळीक जास्त. तुझी आजची परिस्थिती यापेक्षा फार वेगळी नाहीये बघ.

त्या काळात त्याने जे केलं ते शांतपणे बसून बघ. २०१२ मध्ये अर्ल स्वेटशर्ट या रॅपरचं 'चम' केलं, ब्लॅक अँड व्हाइट. २०१४ मध्ये चेट फेकर या गायकाचं 'गोल्ड' केलं, त्यात रात्रीचा रिकामा रस्ता, गाडीच्या हेडलाइटचा उजेड आणि त्या उजेडात रोलर स्केट्सवर नाचत येणाऱ्या तीन बायका, बस, एवढंच आहे! आणि त्याच वर्षी फ्लाइंग लोटस हा संगीतकार आणि केंड्रिक लमार हा रॅपर यांचं 'नेव्हर कॅच मी'. एका चर्चमध्ये दोन लहान मुलांची अंत्ययात्रा चाललीये, मोठी माणसं रडतायत, आणि ती दोन मुलं शवपेटीतून उठतात आणि नाचायला लागतात, कोणाला दिसत नाहीत, नाचत नाचत बाहेर येतात आणि शववाहिका घेऊन निघून जातात. मी पहिल्यांदा बघितलं तेव्हा शेवटी त्या मुलांचे हसरे चेहरे बघून घसा दाटून आला. गाण्यात मरणाबद्दल बोललंय, पण चित्र गाण्याच्या शब्दांमागे धावत नाही, शेजारून चालतं. माझ्या मते मुराईची खरी कमाई ही आहे. आपल्याकडे शब्द आला 'लाट' की लाटेचा शॉट, शब्द आला 'नथ' की नथीचा क्लोज. मी पण वर्षानुवर्षं तेच केलंय, 'माऊली' आलं की मूर्ती. त्यात चूक काही नाही पण त्याने डिरेक्टर वाढत नाही.

आणि आता मुख्य गोष्ट, ही नीट वाच. मुराईला टीव्ही मिळाला तो शोरील, म्हणजे आधीच्या कामाचे तुकडे, बघून कोणी बोलावलं म्हणून नाही. डोनाल्ड ग्लोव्हर म्हणून नट आणि लेखक आहे, तो चाइल्डिश गॅम्बिनो या नावाने गायचा. २०१३ मध्ये दोघांनी मिळून एक शॉर्ट फिल्म केली, एका मोठ्या बंगल्यात राहणारी पोरं, काही फार घडत नाही, पण सतत वाटत राहतं की काहीतरी बिनसलंय. मग 'स्वेटपँट्स', 'टेलिग्राफ अ‍ॅव्हेन्यू', 'सोबर' असे व्हिडिओ एकामागून एक. त्यातला 'स्वेटपँट्स' एका साध्या हॉटेलात आहे, गायक आत येतो, बाहेर जातो, परत आत येतो, आणि प्रत्येक फेरीत तिथली आणखी काही माणसं त्याच्याच तोंडाची होत जातात. पुढे ग्लोव्हरला एफएक्स चॅनेलवर स्वतःची मालिका मिळाली तेव्हा त्याच्या डोक्यातला जो सूर होता तो ऑलरेडी मुराईबरोबर पडद्यावर आलेला होता, दोघांना एकमेकांना समजवावं लागत नव्हतं. त्याआधी मुराईने टीव्हीचा एक एपिसोड केलेला नव्हता. तरी 'अटलांटा'चा पायलट, म्हणजे सगळ्यात पहिला एपिसोड, त्याने केला, आणि २०१६ च्या पहिल्या सीझनच्या १० पैकी ७ एपिसोड त्याचे आहेत.

म्हणून माझा तुला उलट प्रश्न आहे की त्या चाळीस गाण्यांमध्ये तुझा ग्लोव्हर कोण आहे? असा एखादा गायक, गीतकार, किंवा गावातल्या नाटकात लिहिणारा पोरगा, ज्याच्याबरोबर तू एकच गाणं न करता पाच-सहा केलीस आणि जो उद्या काही लिहील तर पहिला फोन तुला करेल? चाळीस वेगवेगळ्या पार्ट्यांची चाळीस गाणी असतील तर तुझ्याकडे काम आहे, पण सोबत नाहीये. मुंबईतल्या ऑफिसात चकरा मारण्याआधी हे बघ. पेणमध्ये गणपतीच्या कारखान्यात रात्र रात्र काम चालतं ना, रंगाचा हात मारणारी माणसं, डोळे लिहिणारी माणसं, त्यांच्यावर संवाद असलेली दहा मिनिटांची एक गोष्ट कर, गाणं नको, त्याच लेखक मित्राबरोबर कर. तुझ्याकडे हे सगळं हाताशी आहे आणि मुंबईतल्या कोणाकडे ते नाहीये.

प्रश्न : 'धिस इज अमेरिका' मी किमान पन्नास वेळा बघितलंय. पण त्यात नाचतो गायक, नाच बसवला कोरिओग्राफरने, कॅमेरा कॅमेरामनचा. मग डिरेक्टरने काय केलं? भांडण म्हणून नाही, खरंच विचारतोय. – वाचक, पुणे

भांडण कशाला वाटेल, हा अतिशय चांगला प्रश्न आहे आणि सेटवरचे लोकसुद्धा विचारतात.

ज्यांनी बघितलं नसेल त्यांच्यासाठी सांगते. मे २०१८ मध्ये गॅम्बिनोचं, म्हणजे वरच्या ग्लोव्हरचंच, हे गाणं आलं, व्हिडिओ मुराईचा. एक रिकामं गोडाऊन, एक माणूस खुर्चीत बसून गिटार वाजवतोय, गॅम्बिनो उघड्या अंगाने नाचत येतो, आणि नाचता नाचता मागून पिस्तूल काढून एकाच्या डोक्यात गोळी घालतो, पिस्तूल लाल फडक्यात नीट ठेवलं जातं, माणूस फरपटत नेला जातो, आणि नाच पुढे चालू. मग शाळेच्या युनिफॉर्ममधली मुलं त्याच्याबरोबर नाचतात, आणि त्यांच्या मागे, थोडं आउट ऑफ फोकस, पळापळ, मारामारी, आग. नाच शेरी सिल्व्हरने बसवला, कॅमेरा लार्किन सिपलचा.

आता तू आठवून बघ, पहिल्यांदा बघताना तू कुठे बघत होतास? नाचाकडे. मागचं सगळं दुसऱ्या-तिसऱ्या वेळेला दिसलं असणार. ते असं दिसावं हे कोणीतरी ठरवलं ना? नाच इतका खेचणारा हवा की डोळा तिथेच चिकटेल, मागची हाणामारी इतकी खरी हवी की नंतर लाज वाटेल आपण ती बघितली नाही याची, आणि कॅमेरा इतक्याच वेगाने मागे सरकायला हवा की दोन्ही एका फ्रेममध्ये राहतील पण बरोबरीने दिसणार नाहीत. शॉट लांब लांब आहेत, कट फार कमी, म्हणजे एडिटमध्ये वाचवायला जागा नाही, मागचा माणूस दोन सेकंद लवकर पळाला तर सगळा टेक गेला. तीन कलाकारांची तीन कामं एका अर्थाकडे वळवणं हे डिरेक्टरचं काम. गाणी एडिट करताना मला कायम वाटायचं की कट मारला म्हणजे मी काहीतरी केलं. हा व्हिडिओ बघितल्यावर चार दिवस मी अस्वस्थ होते, की आपण आयुष्यभर जिथे कट मारला तिथे थांबलो असतो तर काय दिसलं असतं.

त्या व्हिडिओला पुढच्या वर्षी उत्कृष्ट म्युझिक व्हिडिओचं ग्रॅमी मिळालं, आणि त्याआधी एमटीव्हीच्या अवॉर्ड्समध्ये डिरेक्शनचं. आणि अजून एक, हा व्हिडिओ आला तोवर मुराईचे 'अटलांटा'चे दोन सीझन शूट करून झाले होते. म्हणजे टीव्हीत गेला म्हणून गाणी सोडली नाहीत त्याने, उलट मालिकेत जे शिकला ते गाण्यात आणलं.

प्रश्न : मुलगी बारावीला आहे, तिला हेच करायचंय. घरात कोणी या क्षेत्रातलं नाही. मी नेटवर वाचलं की या मुराईचे वडील स्वतः संगीतातले मोठे नाव आहेत. मग आमच्यासारख्यांनी काय करायचं? – एक आई, कोल्हापूर

ताई, तुम्ही वाचलंत ते खरं आहे आणि ते झाकायचं काही कारण नाही. वडील कुनिहिको मुराई, संगीतकार, आणि जपानमध्ये अल्फा रेकॉर्ड्स ही कंपनी त्यांनी काढली. यलो मॅजिक ऑर्केस्ट्रा हा जगभर गाजलेला ग्रुप त्याच कंपनीचा. ज्या घरात असं संगीत, तिथलं पोर ताल ऐकतच मोठं होणार, आणि कलेत पोट भरतं का हा प्रश्न त्या घरात जरा कमी टोचत असणार. हे सगळं मान्य करूनच पुढे बोलू.

पण जपानमधल्या वडिलांच्या नावावर अमेरिकेतला रॅपर गाणं देत नाही हो. तिथे तो नऊ वर्षांचा असताना भाषा न येणारा मुलगा म्हणून आला होता. मला नेहमी वाटतं की त्याच्या कामात जे एक बाहेरून बघणं आहे, गर्दीत असून थोडं लांब उभं राहणं, ते तिथून आलं असेल. हा माझा अंदाज, त्याचं म्हणणं म्हणून घेऊ नका.

मुलीला आधी ग्रॅज्युएशन करू दे, कुठल्याही विषयात. पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटच्या टीव्ही विभागात डिरेक्शन, कॅमेरा, एडिटिंग, साउंड असे पदवीनंतरचे एक वर्षाचे कोर्स चालत आलेत, प्रवेश परीक्षा असते, त्या वर्षीचे नियम त्यांच्या वेबसाइटवर बघा. तोपर्यंतची तीन-चार वर्षं वाया नाहीत. आणि तुमच्या कोल्हापूरला बाबूराव पेंटरांनी शंभर वर्षांपूर्वी स्वतःच्या हाताने कॅमेरा बनवला होता, तेव्हा कोणाच्या घरात कोण होतं या क्षेत्रातलं? तिला एडिटिंग शिकू दे आधी, हे मी आग्रहाने सांगते. लॅपटॉपवर फुकट सॉफ्टवेअर मिळतात. कॅमेरा भाड्याने आणावा लागतो, माणसं जमवावी लागतात, पण एडिट एकटीने रात्री बसून करता येतं आणि चुका कुठे होतात ते तिथेच कळतं. आणि ती घरी उशिरा येईल तेव्हा आधी जेवायला वाढा, प्रश्न नंतर विचारा, एवढं माझं ऐका.

प्रश्न : मी एका डेली सोपमध्ये असिस्टंट आहे. आमच्याकडे डिरेक्टर कधीही बदलतो आणि प्रेक्षकांना पत्ता पण लागत नाही. मग मुराईसारख्यांना मालिकेचा डिरेक्टर म्हणून इतकं नाव कसं काय? आणि त्याचं नाव काही ठिकाणी एक्झिक्युटिव्ह प्रोड्युसर म्हणून येतं, ते काय? – वाचक, डोंबिवली

तू ज्या कारखान्यात आहेस तिथे मी चौदा वर्षं काढलीत, त्यामुळे आधी ते. आपल्याकडे आठवड्याला सहा एपिसोड, रोज बावीस मिनिटं भरायची, बँक, म्हणजे आधी शूट करून ठेवलेले एपिसोड, संपत आलेली, सीन सकाळी हातात, कधी कधी शॉट लागल्यावर हातात. अशा वेळी डिरेक्टर बदलला तरी मालिका तशीच दिसली पाहिजे अशीच ती बांधलेली असते, मास्टर घ्या, क्लोज घ्या, रिअ‍ॅक्शन घ्या. तो आपला दोष नाही, तसं केलं नाही तर सोमवारी टेलिकास्ट जाणार नाही.

तिकडे दहा एपिसोडचा सीझन. तिथेही मालिका लेखकाचीच असते, डिरेक्टर बऱ्याचदा पाहुण्यासारखा येतो, एक-दोन एपिसोड करून जातो. मुराईने पण 'बॅरी', 'लीजन', 'स्नोफॉल' अशा दुसऱ्यांच्या मालिकांमध्ये असे एपिसोड केलेत. पण जो पायलट करतो त्याची गोष्ट वेगळी. घर कसं दिसेल, उजेड किती, कॅमेरा हातात की स्टँडवर, नट विनोद करताना हसणार की नाही, हे सगळं तो ठरवतो आणि पुढे येणारे त्या घरात राहतात. म्हणून पायलट करणाऱ्याला पुष्कळदा एक्झिक्युटिव्ह प्रोड्युसर करतात, म्हणजे पुढच्या निर्णयातही त्याचा शब्द राहतो. आपल्याकडचा एक्झिक्युटिव्ह प्रोड्युसर, ईपी, म्हणजे सेटवरचा हिशोब, डेट्स आणि जेवण बघणारा माणूस, तो वेगळा, नावावर जाऊ नकोस. 'द बेअर' या हॉटेलच्या किचनवरच्या मालिकेतही मुराई एक्झिक्युटिव्ह प्रोड्युसर आहे, ती मालिका रचली मात्र ख्रिस्तोफर स्टोररने.

सूर म्हणजे काय ते एका सीनने सांगते. 'अटलांटा'च्या पहिल्या सीझनमध्ये क्लबचा एक एपिसोड आहे. एक खेळाडू बढाया मारत असतो की माझ्याकडे अदृश्य गाडी आहे, सगळे हसण्यावारी नेतात. शेवटी बाहेर गोळीबार होतो, पळापळ, आणि तो माणूस हवेत बसल्यासारखा सुसाट निघून जातो, वाटेतली माणसं उडतात. गाडी खरंच होती! आता हा सीन आपल्याकडे आला असता तर झूम, तीन वेळा रिअ‍ॅक्शन, खाली म्युझिक. मुराईने तो लांबून, काही विशेष नाही अशा थाटात घेतलाय, आणि म्हणूनच तो डोक्यातून जात नाही. दुसऱ्या सीझनमधला 'टेडी पर्किन्स' नावाचा एपिसोड तर मध्ये जाहिराती न लावता दाखवला चॅनेलने. रंगीत पट्ट्यांचा पियानो आणायला एकजण एका जुन्या बंगल्यात जातो आणि तिथे एक पांढराफटक, मुखवट्यासारख्या चेहऱ्याचा म्हातारा माणूस भेटतो, बस एवढ्यावर अख्खा एपिसोड. विनोदी मालिकेत भीतीने हात गार पडतात. त्यासाठी मुराईला एमीचं, म्हणजे अमेरिकन टीव्हीच्या मोठ्या पुरस्काराचं, डिरेक्शनचं नॉमिनेशन मिळालं आणि कॅमेरामन ख्रिश्चन स्प्रेंगरला एमी मिळालं. हा स्प्रेंगर पुढे 'स्टेशन इलेव्हन'मध्ये आणि २०२४ च्या 'मिस्टर अँड मिसेस स्मिथ'च्या सुरुवातीच्या एपिसोडमध्ये पण मुराईबरोबर आहे. पेणच्या मुलाला वर जे म्हटलं ना सोबतीचं, ते हेच.

'स्टेशन इलेव्हन'चा विषय निघाला म्हणून राहवत नाही. गोष्ट आहे एका तापाने जग रिकामं होतं त्याची. मुराई पहिला आणि तिसरा एपिसोड शिकागोत शूट करत होता २०२० च्या सुरुवातीला, आणि ते शूट झाल्यावर खरीच साथ आली, सगळं बंद पडलं, बाकीची मालिका नंतर कॅनडात झाली. पहिल्या एपिसोडमधलं बर्फातलं रिकामं होत जाणारं शहर बघताना मला लॉकडाऊनमधलं आमच्या गोरेगावचं फिल्म सिटीचं गेट आठवलं, जिथे सकाळी सातला रिक्षांची रांग असायची तिथे कुत्रं पण नव्हतं. आमचे लाइटमन, स्पॉटदादा गावाला गेले ते काहीजण परत आलेच नाहीत या लाइनमध्ये. मालिका २०२१ च्या शेवटी आली तेव्हा ती गोष्ट कोणालाच परकी राहिली नव्हती.

तुला एवढंच सांगेन की असिस्टंट असताना रोज एक सीन, फक्त एक, घरी जाताना ट्रेनमध्ये मनात दुसऱ्या पद्धतीने घेऊन बघ, एकच शॉट वापरायचा अशी अट घालून. डोंबिवली फास्टमध्ये उभं राहायला जागा नसते पण विचाराला असते.

प्रश्न : ताई, छोटा प्रश्न. स्लो मोशनमध्ये गायकाचे ओठ बरोबर जुळतात ते कसं करतात? आमचं गाणं पुढच्या आठवड्यात शूट आहे आणि दोनदा प्रयत्न फसलाय. – वाचक, संगमनेर

गाणं दुप्पट वेगाने वाजवायचं. म्हणजे तुमची टाइमलाइन २५ फ्रेमची असेल तर कॅमेरा ५० वर लावा, आणि सेटवर प्लेबॅक डबल स्पीडचा वाजवा, गायकाने त्या धावत्या गाण्यावर ओठ हलवायचे. एडिटमध्ये शॉट निम्म्या वेगावर आणला की ओठ मूळ गाण्यावर बसतात आणि केस, पदर, पाणी सगळं तरंगतं. तुमचं फसलं असणार कारण गाणं नॉर्मल वाजवलं आणि नंतर शॉट स्लो केला. डबल स्पीडचा ट्रॅक आधीच एडिटरकडून करून घ्या, मोबाइलवर ऐनवेळी नको, आणि सुरुवातीला तीन बीप टाका म्हणजे सिंक शोधायला त्रास होणार नाही. गायकाला दोन दिवस आधी तो ट्रॅक पाठवा, त्या वेगात शब्द तोंडात बसायला वेळ लागतो, सेटवर सगळे हसतात आणि तो बिचारा लाजतो आणि मग तोंड नीट उघडत नाही. शब्द अर्धवट नको, पूर्ण उच्चारायला सांगा. आणि ट्यूबलाइट किंवा हॅलोजनमध्ये शूट असेल तर शटर शंभरावर (१/१०० सेकंद) ठेवा, आपली वीज ५० हर्ट्झची आहे, नाहीतर फ्लिकर येईल, म्हणजे उजेड लुकलुकेल, आणि तो एडिटमध्ये सहजी जात नाही. पहिला टेक झाला की लगेच कॅमेऱ्यावरच स्लो करून गाण्याबरोबर लावून बघा, आणि मगच पुढे जा.